पाठमोरी मुलाखत

बिर्गिट, तुझ्या मुलाचा फोन आला तेव्हा मी कंपनीच्या पार्किंगमध्ये गाडीतच बसले होते. "मॉम इज गॉन," तो म्हणाला. मी "ओके, ओके" असं काहीतरी म्हणत राहिले. फोन ठेवल्यावर आता रडू येईल म्हणून वाट पाहिली. रडू आलं नाही. समोर कंपनीचं काचेचं दार आपोआप उघडत होतं, मिटत होतं, लोक आत जात होते. आता त्या दारातून रोज मला एकटीला जायचंय, एवढंच मला कळत होतं.

त्याला तीन आठवडे झाले. घरी प्रशांत म्हणतो, दुःख आहे, जाईल हळूहळू. मी त्याला कसं सांगू की हे दुःख नाहीये अजून. दुःखाचा नंबरच आलेला नाही. मला भीती वाटते. सकाळी उठल्यावर पहिली तीच असते, चहाच्या आधी.

मराठीत लिहितेय म्हणून तुला 'तू' म्हणायचं की 'तुम्ही', हा प्रश्न पडला. इंग्रजीत तो कधी आलाच नाही. आमच्या रीतीप्रमाणे तुझ्या वयाच्या बाईला मी 'बिर्गिटकाकू, तुम्ही बसा ना' असंच म्हटलं असतं, आणि मग तुझ्याशी इतकं भांडता आलं नसतं. तर तूच.

तुला आठवतं, आपण पहिल्यांदा भेटलो ते पिस्कॅटवेला, वानखेडे काकांच्या बेसमेंटमध्ये. काका इथल्या आमच्या बौद्ध मंडळींतले सगळ्यात जुने, रिटायर्ड इंजिनिअर. रविवारी त्यांच्याकडे वंदना असते, मग सगळ्यांचं एकत्र जेवण. त्यांनी मला आदल्या दिवशी फोन करून सांगितलं, "प्रज्ञा, डेन्मार्कच्या टीव्हीवरच्या एक बाई येणारेत. श्रद्धा आणि नीती यांच्यावर फिल्म करतात म्हणे. तिकडे फार मोठं नाव आहे. मी मराठीतच बोलणार. आईविषयी मला इंग्रजीत बोलता येत नाही. तू भाषांतर कर."

तू जिना उतरून आलीस. उंच, पांढरे केस बारीक कापलेले, दारातच बूट काढून हातात घेतलेले. चटईवर मांडी घालता येईना म्हणून एक पाय लांब सोडलास, मग मूर्तीकडे पाहून माझ्या कानात विचारलंस, "हे उद्धटपणाचं आहे का?" आणि मी काही बोलायच्या आत पाय ओढून घेतलास. सगळी वंदना संपेपर्यंत तशीच अवघडून बसलीस. मला तू तेव्हाच आवडलीस.

जेवणानंतर कॅमेरा लागला. तुझी पद्धत मला माहीत नव्हती. तू एक प्रश्न विचारायचीस आणि गप्प बसायचीस. समोरचा बोलून थांबला तरी गप्प. मग त्याला राहवायचं नाही, तो पुढचं बोलायचा, आणि खरं ते त्या पुढच्यात असायचं. काकांना तू विचारलंस, "तुमच्याकडे देव नाही, स्वर्ग नाही, वर बसून पाहणारं कोणी नाही. मग तुम्ही चांगलं कोणासाठी वागता?"

काका म्हणाले, "माझ्या आईला गावच्या विहिरीवर पाणी भरू देत नव्हते. तिला हाकलणारे सगळे देवाचं करणारे होते, सकाळ-संध्याकाळ. तेव्हापासून चांगुलपणाचा पत्ता मी देवाला विचारत नाही."

मी भाषांतर करायला लागले आणि 'विहीर' या शब्दावर अडले. शब्द येत होता. आवाज येत नव्हता. हे असलं मी इंग्रजीत मोठ्याने कधी उच्चारलं नव्हतं. कसंबसं वाक्य पुरं केलं. नंतर स्वयंपाकघरात मी भांडी विसळत होते, तू शेजारी येऊन फडकं हातात घेतलंस आणि ताटं पुसता पुसता म्हणालीस, "काका घाबरलेले नव्हते. तू होतीस."

कोणीतरी माझ्याविषयी इतकं खरं बोलायला किती वर्षं लागली होती! आणि बोललं ते कोण, तर एक परक्या देशाची बाई, जिला आमच्या आडनावांतलं काही कळत नाही.

आडनावाचं मी तुला नंतर समजावून सांगितलं होतं. आम्ही काळे. काळे कोणीही असू शकतात. "काळे म्हणजे कुठले?" असं इथे पार्सिपनीत कोणी विचारलं की मी म्हणायचे, "नागपूरचे," आणि लगेच त्यांच्या मुलांची चौकशी करायचे. खोटं काही बोलत नव्हते. फक्त तिथे थांबत होते. आमच्याच कॉम्प्लेक्समध्ये राहणारी मेधा माझी इथली सगळ्यात जवळची मैत्रीण. ती माझ्याच औषध कंपनीत, दुसऱ्या डिपार्टमेंटला. मला हायवेवर गाडी चालवायची भीती वाटते, म्हणून रोज तिच्याच गाडीतून जायचे. माझा मॅनेजर तिच्या नवऱ्याचा कॉलेजपासूनचा मित्र. आमचं ग्रीन कार्ड त्याच कंपनीमार्फत रांगेत. म्हणजे माझी मैत्री, माझी नोकरी आणि या देशात राहण्याची परवानगी अशी एकाच खुंटीला टांगलेली होती. आणि मेधा गप्पांच्या ओघात "आपल्या लोकांत असं नसतं गं" म्हणायची तेव्हा त्या 'आपल्या'त मी बसलेली असायचे, जीव मुठीत धरून.

मग तू इंडियन ग्रोसरीत भेटलीस! मी आणि मेधा भेंडी निवडत होतो आणि दुकानाच्या त्या टोकाकडून तू हात उंच करून ओरडलीस. काकांनी तुला आमचा नमस्कार शिकवला होता. तुमच्या भाषेत 'ज'चा उच्चार 'य' होतो, म्हणून तुझ्या तोंडून आलं ते "याय बीम, प्रज्ञा!"

माझ्या हातातली भेंडी खाली पडली. मेधाने विचारलं, "कोण गं ही? काय म्हणाली?"

"ओळखीच्या एका काकांकडे येते. डॅनिश," मी म्हणाले. "त्यांच्यात हॅलोला असं म्हणतात."

"गोड आहे," मेधा म्हणाली आणि तुला हसून म्हणाली, "याय बीम!"

बाहेर आल्यावर तुला मी हे सांगितलं तेव्हा तू आधी इतकी हसलीस की ट्रॉलीला धरून उभी राहिलीस. मग एकदम थांबलीस. "तुला नक्की कशाची भीती वाटते? काय होईल?"

मी म्हणाले, "मेधा मला गाडीतून न्यायचं बंद करेल. मॅनेजरला कळेल. माझ्या ओवीला वाढदिवसांना बोलावणार नाहीत."

"हे खरंच होईल?"

"माहीत नाही. कदाचित काहीच होणार नाही."

तू त्यावर काही बोलली नाहीस. तुझ्या त्या गप्प बसण्याचा मला राग आला, कारण मला पुढचं बोलावंच लागलं. "काय होईल ते माहीत नाही, हीच तर भीती आहे," मी म्हणाले. "माहीत असतं तर तयारी केली असती."

फिल्मसाठी तू एकदा विचारलेल्या मुलाखतीला मी हो म्हणाले ते ओवीमुळे. तेरा वर्षांची पोरगी. काकांना फोनवर मी 'जयभीम' म्हणत होते, नेहमीसारखी आवाज खाली आणून. फोन ठेवल्यावर ती म्हणाली, "मॉम, यू ऑल्वेज व्हिस्पर इट. इज इट अ बॅड वर्ड?"

दुसऱ्या दिवशी तुला फोन केला.

प्रशांत नको म्हणत होता. "ग्रीन कार्ड येऊ दे, मग काय बोलायचं ते बोल. इतकी वर्षं थांबलो ना?" शेवटी त्याच्यासाठी ठरलं की चेहरा नाही, नाव नाही, आवाज बदललेला. आमच्या स्वयंपाकघरात खुर्ची खिडकीकडे तोंड करून ठेवलीस आणि कॅमेरा माझ्या पाठीशी लावलास. तू मात्र माझ्यासमोर ओट्याला टेकून उभी राहिलीस, म्हणजे मला भिंतीशी बोलावं लागू नये. तू विचारलंस, "या घरात तू एकटी असतेस तेव्हा आणि बाहेर जातेस तेव्हा, काय बदलतं?" आणि गप्प झालीस.

मी बोलले. किती वेळ बोलले कोण जाणे, ओट्यावरची कणीक वाळून गेली. वडिलांविषयी बोलले, हॉस्टेलविषयी, ऑफिसविषयी. आणि एक वाक्य बोलले, की माझ्या मैत्रिणीच्या घरी जेवताना दर वेळी मनात येतं, हिला कळलं तर ही माझं ताट वेगळं ठेवेल का.

तुमच्या चॅनेलने फिल्मची झलक दाखवली तेव्हा नेमकं तेच वाक्य घेतलं. वाक्य चांगलंच होतं, त्यांचा दोष नाही. पाठमोरी बाई, न ओळखता येणारा आवाज, खाली इंग्रजी अक्षरं. सगळं कबूल केल्याप्रमाणे होतं. फक्त माझ्या डोक्याच्या वर खिडकीचा पडदा दिसत होता. हिरव्या काठाचा, जुन्या साडीचा. तो मेधाने तिच्या हाताने शिवून दिला होता. तुझ्या लक्षात आलं नाही, माझ्याही नाही. रोज डोळ्यांसमोर असलेला पडदा कोणाला दिसतो?

झलक फिरत फिरत इथल्या मराठी ग्रुपवर आली. शनिवारी दुपारी मेधा दारात उभी होती, हातात फोन. आत आली नाही. आत आल्याशिवाय ती कधी राहिली नव्हती.

"प्रज्ञा, ही तू आहेस ना?"

मी मान हलवली.

"ताट वेगळं ठेवेन? मी? तुला मी अशी वाटले?"

"मला माहीत नव्हतं, मेधा. मी फक्त मनात येतं ते सांगितलं."

"मग मला विचारायचं होतंस! मी खाल्लं असतं का तुला? जगाला सांगितलंस आणि मला नाही सांगितलंस."

"तुझं नाव कुठेही नाहीये त्यात."

"पडदा आहे ना," ती म्हणाली आणि रडायला लागली. मला तिचा हात धरावासा वाटला आणि धरता आला नाही. मी तिला सांगू शकले असते, गणपतीत तिच्याकडे तिच्या भाच्याच्या ॲडमिशनवरून काय बोलणं झालं होतं, 'कोट्यातले' म्हणून कोण हसलं होतं. पण ती रडत होती. ज्या बाईला मी इतकी घाबरत होते तीच माझ्या दारात उभी राहून रडत होती आणि मला तिची कीव येत होती, आणि तरीही भीती रतीभर कमी होत नव्हती.

रविवारी संध्याकाळी तिचा मेसेज आला. उद्यापासून तिला लवकर जावं लागणार होतं, तर मी माझं माझं बघावं. खाली हात जोडल्याचं चित्र.

बाकी कोणी काही बोललं नाही. तेच भयंकर होतं. कोणी शिव्या दिल्या असत्या तर दाखवता आल्या असत्या. मॅनेजरने एका मीटिंगमधून माझं नाव काढलं, ते काम कमी होतं म्हणून की कळलं म्हणून? कँटीनमध्ये दोघीजणी बोलता बोलता थांबल्या, ते मी आले म्हणून की त्यांचं बोलणं संपलं म्हणून? मी दिवसभर लोकांचे चेहरे वाचत असायचे आणि घरी आल्यावर डोकं ठणकायचं. घराबाहेर एक अनोळखी गाडी बराच वेळ उभी दिसली तर मी ओवीला खिडकीपासून लांब बसवलं. ती पिझ्झावाल्याची निघाली. प्रशांत हसला नाही. त्यानेही ती गाडी पाहिली होती.

त्या मेसेजच्या रात्री मी तुला फोन केला होता, आणि सोमवारी सकाळी तू दारात. इथे ज्याच्याकडे तू राहत होतीस त्या मुलाची गाडी घेऊन. "मला झोप लवकर जाग येते," तू म्हणालीस, म्हणजे इंग्रजीत काहीतरी तसंच गमतीदार, घाईत जुळवलेलं. "चल, बस."

एक अख्खा हिवाळा तू मला ऑफिसला सोडलंस, बिर्गिट. तुमच्याकडे रस्त्यात लोक तुला थांबवून सही मागायचे, आणि इथे तू दोनशेसत्त्याऐंशी नंबरच्या हायवेवर ट्रकांना डॅनिशमध्ये शिव्या घालत एका क्वालिटी डिपार्टमेंटच्या बाईला कामावर पोचवत होतीस. शिव्या संपल्या की चर्चमधली गाणी म्हणायचीस. तुझे वडील गावातल्या चर्चचे पाद्री. बाराव्या वर्षी तू त्यांना सांगितलंस, माझा विश्वास नाही. ते म्हणाले, बरं, पण तुला गायला आवडतं ना, तर गायला येत जा. हे सांगताना तू आरशात पाहत होतीस, पण मागची गाडी पाहत नव्हतीस.

त्याच गाडीत आपलं सगळ्यात मोठं भांडण झालं. मी म्हणाले, "आता लपवायला काय राहिलंय? मला पुढून शूट कर. चेहरा, नाव, सगळं."

"नाही."

"का नाही? माझा चेहरा आहे."

"तू रागावलेली आहेस. रागात माणूस शूर असतो. राग उतरला की घरी एकटा असतो."

मी तुला नको ते बोलले. म्हणाले, तुम्हा लोकांना आमच्यावर दया दाखवायला पाठमोरी बाईच बरी वाटते. तू गाडी रस्त्याच्या कडेला घेतलीस, ट्रक जवळून जात होते आणि प्रत्येक ट्रकला गाडी हलत होती. तू म्हणालीस, "एका मुलाला मी पुढून शूट केलं होतं. त्याने वडिलांचा पंथ सोडला होता. त्याला बोलतं करायला मी फार कष्ट घेतले. फिल्मला बक्षीस मिळालं. त्याच्यासाठी त्याच्या घराचं दार बंद झालं, मग गावातली सगळी. त्याची आई माझ्याकडे आली आणि म्हणाली, तुम्ही विमानात बसून गेलात, तो इथेच राहतो. मी पुन्हा कोणाला शूर व्हायला सांगणार नाही, प्रज्ञा. तो अधिकार कोणालाच नसतो."

"तू सांगत नाहीयेस. मी सांगतेय."

"मग घाबरलेली असताना सांग," तू म्हणालीस आणि गाडी सुरू केलीस.

मला वाटलं हा टाळण्याचा प्रकार आहे. मी तर नेहमीच घाबरलेली असते. आणि मी तुला विचारायचं ठेवलं होतं, की कोणाला शूर व्हायला सांगायचं नाही, तर मग ओवीला मी काय शिकवू? हळू बोलायला? त्याचं उत्तर तुझ्याकडे असेल असं नाही. पण तू गप्प राहिली असतीस आणि मग कदाचित मीच पुढचं बोलले असते.

वसंतात तू मला ड्रायव्हिंग सीटवर बसवायला लागलीस. आधी रविवारी रिकाम्या रस्त्यावर, मग हायवेवर. तू शेजारी बसून दरवाजाची मूठ घट्ट धरायचीस आणि म्हणायचीस, "फार छान." तुझी बोटं पांढरी पडलेली दिसायची. मी एकटी ऑफिसला गेले त्या दिवशी तू दुपारच्या सुट्टीत फोन करून विचारलंस, "मेलीस का?" आणि दोघी हसलो.

त्यानंतर तुझ्या हृदयाचं निघालं. झडप बदलायची होती. डॉक्टर म्हणाले, नेहमीचं ऑपरेशन आहे. मी ऑपरेशनच्या आदल्या दुपारी हॉस्पिटलमध्ये आले. उन्हाची तिरीप तुझ्या पलंगावर पडली होती आणि तू खिडकीकडे न पाहता दाराकडे पाहत होतीस. मला वाटलं नर्सची वाट पाहतेस. मग कळलं, दाराकडे पाठ केली की तुला मागे कोणी उभं असल्यासारखं वाटत होतं. तुझा चेहरा मी तसा कधी पाहिला नव्हता.

"मी आयुष्यभर लोकांना विचारलं, मरणाची भीती वाटते का," तू म्हणालीस. "त्यांनी सांगितलं. मी मान हलवली. मला काहीच कळलं नव्हतं. मला वाटायचं हा विचार करण्याचा विषय आहे. हे तर पोटात असतं."

मी म्हणाले, "काही होणार नाही."

"असं नको. तू तरी नको."

मला पळून जावंसं वाटलं. माझी सगळी हिंमत मी तुझ्याकडे ठेवायला दिली होती, आणि ती जिच्याकडे ठेवली तीच पांघरूण गळ्यापर्यंत ओढून पडली होती. मग मी खरं ते सांगितलं. "मलाही खूप भीती वाटते, बिर्गिट. तू गेलीस तर मी काय करू, याची. माझी भीती स्वार्थी आहे."

त्यावर तुला जरा बरं वाटलेलं दिसलं. तू विचारलंस, "तुमच्याकडे वर कोणी नाही. मग मरताना काय करता?"

"माझी आई गेली तेव्हा मी इथेच होते, फोनच्या पडद्यावर. बायका वंदना म्हणत होत्या. आई ओठ हलवत होती. इतकंच मला माहीत आहे."

"म्हण."

"तुझा विश्वास नाही."

"गाणं तर आहे ना?"

मी म्हटलं. हॉस्पिटलच्या त्या खोलीत, नर्स येत-जात असताना, नेहमीच्या आवाजात. तू डोळे मिटून ऐकलंस, मधेच एका ठिकाणी सूर धरायचा प्रयत्न केलास, चुकलीस. माझा हात तू इतका घट्ट धरला होतास की अंगठी रुतली. निघताना मला थँक यू म्हणायचं होतं. म्हटलं नाही. म्हटलं असतं तर निरोप घेतल्यासारखं झालं असतं, आणि मला वाटलं निरोप घेतला की खरंच तसं होईल. परवा भेटून म्हणू. ऑपरेशन नीट झालं म्हणे. हृदय पुन्हा चालायला लागलं आणि दोन दिवसांनी थांबलं.

तुझ्या मुलाने सगळं चर्चमध्येच केलं. तुला चाललं असतं का यावरून तो आणि त्याची बायको बाहेर भांडत होते. आत तुझी गाणी झाली. गाडीत ऐकून ऐकून मला त्यांचे सूर माहीत होते, शब्द नव्हते, म्हणून मी नुसतीच गुणगुणले. वानखेडे काका काठी टेकत आले होते, माझ्या शेजारी बसले. ते गायले नाहीत, पण उभे राहिले सगळ्यांबरोबर, गुडघे दुखत असताना.

मेधा ऑफिसात लिफ्टपाशी भेटली. "ऐकलं गं, तुझ्या त्या मैत्रिणीचं," ती म्हणाली. माझ्या कोपराला हात लावला. लिफ्ट आली आणि तिच्यात आणखी लोक होते, मग आम्ही दोघी आकडे बघत उभ्या राहिलो. तो हात कसला होता, मला कळलेलं नाही. विचारायची हिंमत अजून झालेली नाही.

मग कोपनहेगनहून तुझ्या एडिटर बाईंचा फोन आला. फिल्म पुरी करायची आहे. तू ऑपरेशनच्या आधी त्यांना बजावून ठेवलं होतंस, की प्रज्ञाचा भाग ठेवायचा की काढायचा, पाठमोरा की कसा, ते प्रज्ञाच ठरवेल, आणि तिला कोणी आग्रह करायचा नाही. त्यांनी खरंच केला नाही. विचारलं आणि थांबल्या. तुझ्याबरोबर काम करून त्याही तशाच झाल्यात.

मी घरात सांगितलं. प्रशांतने चिरायला घेतलेली भाजी पुरी केली. मग म्हणाला, "ग्रीन कार्डचं काही झालं तर परत जाऊ. नागपुरात घर आहे. मी घाबरतो, पण तुला नाही म्हणणार नाही." ओवी म्हणाली, "विल आय बी इन इट?" मी म्हणाले, "नाही." ती म्हणाली, "कॅन आय बी?" मी तिला ताटं मांडायला सांगितलं. ती भीती वेगळीच आहे, तिला अजून नावच नाही.

मागच्या रविवारी कॅमेरामन आला. खुर्ची तशीच ठेवली, कॅमेरा मात्र माझ्यासमोर लावला. ओट्यापाशी, जिथे तू उभी राहिली होतीस, तिथे एडिटर बाई लॅपटॉपच्या पडद्यावर होत्या. मला राग अजिबात आलेला नव्हता, बिर्गिट. मी शोधून पाहिला. नव्हता. होती ती फक्त भीती. मी माझं पूर्ण नाव सांगितलं, आईवडिलांची नावं सांगितली, आमची जात काय म्हणून ओळखली जायची ते सांगितलं, आणि आम्ही ती कशी टाकली ते सांगितलं. आवाज दोनदा फाटला. त्या म्हणाल्या, पुन्हा घेऊ का? मी म्हणाले, राहू द्या तसाच.

आणि सोमवारी मी मॅनेजरच्या केबिनमध्ये गेले. त्याला दुसऱ्याकडून कळू नये म्हणून.

"सर, दोन मिनिटं आहेत का? एक डॉक्युमेंटरी येणारे. त्यात मी आहे. माझ्या जातीविषयी बोलले आहे, आमच्या धर्माविषयी. इथे राहतानाच्या अनुभवांविषयी पण."

त्याने चष्मा काढला. पुसला. "कंपनीचं नाव आहे त्यात?"

"नाही."

"माझं?"

"नाही."

मग चष्मा घातला. "ओके. मग ठीक आहे," तो म्हणाला. "त्या स्टॅबिलिटी रिपोर्टचं आज होईल ना?"

"होईल, सर."

मी बाहेर आले. जिन्यात थांबले. 'मग ठीक आहे' म्हणजे काय, याचे मी तेवढ्यात चार अर्थ लावले, चारही भीतिदायक. फोन काढला, प्रशांतला लावला.

"सांगितलं," मी म्हणाले.

"काय म्हणाला?"

"ठीक आहे म्हणाला."

"तू कशी आहेस?"

"फार घाबरलेय."

"घ्यायला येऊ?"

खाली लॅबमधून कोणीतरी माझं नाव घेऊन हाक मारत होतं, रिपोर्टच्या कामासाठीच असावी. "नको," मी म्हणाले. "अजून काम आहे." आणि कठड्याला धरून खाली उतरायला लागले.